हौ मास्तरांनी खोडलेली ओळ

हौ मास्तरांनी एकतीस वर्षांत किती अर्ज लिहिले याची मोजदाद खुद्द त्यांच्याकडेही नाही. पण गावाच्या लक्षात राहिली ती एकच ओळ, आणि तीही त्यांनी लिहून खोडलेली.

नोव्हेंबरातली सकाळ होती. पंचांगात 'कोर्टकचेरीस अनुकूल' असा दिवस हुडकून लाय श्युमानताई नानखेंगच्या डोंगरावरून खाली शहरात आल्या. जिल्हा न्यायालयाच्या फाटकासमोर मास्तरांच्या बायकोची, बिश्याची, शेवयांची गाडी. तिच्याच ताडपत्रीच्या एका कोपऱ्यात मास्तरांचं टेबल. टेबलावर संगणक, छपाईयंत्र, शिक्क्यांची लाल शाई, आणि बहुतेक वेळा कुणीतरी अर्धा खाऊन ठेवलेला वाडगा. मास्तर अर्ज वाचून दाखवू लागले. आरोपी वोंग जिनफा, मधमाश्यांच्या मेलेल्या पेट्या अठ्ठ्याऐंशी, भरपाई सहा लाख. ताई मान डोलावत होत्या. मग शेवटची ओळ आली.

"'...आणि आरोपी निर्दोष सुटल्यास हा दावा दिवाणी न्यायालयाकडे वर्ग करावा, ही विनंती.'"

"थांबा," ताई म्हणाल्या. "काय सुटल्यास?"

"निर्दोष. म्हणजे सुटलाच तर. नुसती रीत असते ताई."

"अजून तो पिंजऱ्यात उभा राहिला नाही आणि तुम्ही त्याला सोडवून घरी जेवायला पण पाठवलात?"

"तसं नव्हे. आपली खबरदारी—"

"लग्नपत्रिकेत छापता का, नवरा पळाल्यास आहेर परत मिळेल म्हणून?"

"बरोबर बोलतायत त्या!" बिश्या पातेल्याच्या वाफेतून ओरडली. "चांगल्या दिवशी कावळ्यासारखं तोंड उघडू नका. खोडा ते."

मास्तरांनी ताईंच्या चेहऱ्याकडं पाहिलं. तो उतरला होता. उतरलेला चेहरा मास्तरांना सोसत नाही. त्यांनी पट्टी घेतली, ओळ सरळ रेघेनं खोडली, खोडल्याच्या पुराव्यादाखल बाजूला सहीऐवजी ताईंच्या नावाचा शिक्का उमटवून घेतला, आणि वर बिश्याच्या गाडीवरचा एक वाडगा फुकट खाऊ घालून त्यांना कोर्टाच्या फाटकातून आत धाडलं.

या ओळीची भानगड आधी सांगितलेली बरी. आमच्याकडं फौजदारी खटल्याच्या शेपटाला नुकसानभरपाईचा दावा बांधता येतो, आणि तसा बांधला तर कोर्ट फी पडत नाही. फुकट म्हटल्यावर काय! शेजाऱ्यानं कुंपणाचा बांबू मोडला तरी माणूस आधी पोलिसचौकीची पायरी चढतो; दिवाणी कोर्टाकडं कुणी ढुंकून बघत नाही. पण मागं बांधलेल्या गाडीची गत पुढच्या बैलाच्या हाती. आरोपीला शिक्षा झाली तर दावाही पुढं सरकतो. आरोपी सुटला, की फौजदारी न्यायाधीशाला त्या दाव्याचं बरंवाईट ठरवताच येत नाही. तो फेटाळायचा, एवढंच उरतं. मात्र 'सुटला तर माझा दावा दिवाणीकडं पाठवा' असं दावेदारानं सांगून ठेवलेलं असेल, तर तो फेटाळत नाहीत, पाठवून देतात. एवढी एक ओळ. ती मास्तरांनी पट्टी धरून खोडली.

त्यांना हे ठाऊक नव्हतं असं नाही. त्यांच्याइतकं ते कुणालाच ठाऊक नव्हतं. तरुणपणी कोर्टातल्या कारकुनीची परीक्षा त्यांनी चार वेळा दिली. चारही वेळा कायद्याच्या पेपरात पैकीच्या पैकी आणि तोंडी परीक्षेत नापास. 'साक्षीदार खोटं बोलतोय असं वाटलं तर काय कराल?' असं विचारलं की हे म्हणायचे, 'त्याला चहा विचारीन.' शेवटी बापानं एक टेबल घेऊन दिलं. तेव्हापासून मास्तरांच्या हातचा अर्ज म्हणजे सगळीकडून मऊ. त्यांनी लिहिलेली घटस्फोटाची नोटीस वाचून दोन जोडपी परत नांदायला लागली, आणि घर खाली करायच्या नोटिशीचा आरंभ ते 'आपल्या मातोश्रींची तब्येत आता कशी आहे' असा करतात. भाडेकरू अर्थातच घर सोडत नाहीत.

आता मूळ भांडण. श्युमानताई मधपाळ. नवरा गेल्यावर पेट्या त्यांनीच वाढवल्या. डोंगरावर त्यांच्या पेट्यांच्या खालच्या अंगाला वोंग जिनफाची दोनशे लिचीची झाडं. एका वर्षी वोंगच्या नातवाच्या पापणीला माशी चावली. वोंग देवळाच्या अंगणात वीस माणसांसमोर ओरडला, "एक दिवस तुझ्या माश्यांना औषधच पाजतो बघ!" पुढच्या मार्चात लिची मोहरली आणि मोहोरावर तो घाणेरडा किडा आला, ज्यानं पिचकारी मारली की माणसाच्या डोळ्यांची आग आग होते. वोंगनं फवारा मारला. भर मोहोरात, सकाळी दहाला, माश्या फुलांवर असताना. दुपारी ताई पेट्यांपाशी गेल्या तर दारासमोर मेलेल्या माश्यांचा थर. सोंड बाहेर आलेली, पंख पसरलेले. अठ्ठ्याऐंशी पेट्यांसमोर तेच.

गाव म्हणालं, वीस साक्षीदार आहेत, तो बोलला तसं त्यानं केलं. सरकारी वकिलालाही तसंच वाटलं. खटला उभा राहिला तो मुद्दाम नासधूस केल्याचा. आणि मुद्दाम म्हणजे मुद्दाम. हलगर्जीनं दुसऱ्याची वस्तू नासली तर आमच्या फौजदारी कायद्याला त्याचं काही नाही.

ओळ खोडली तरी एक वाट होती. निकालाच्या आधी कधीही तेवढीच विनंती वेगळ्या कागदावर देता येते. मास्तरांनी तो कागद त्याच संध्याकाळी टाइप करून ठेवला. हवा होता फक्त ताईंचा शिक्का. पहिल्यांदा ते गेले तर ताई पुतणीच्या साखरपुड्याला निघालेल्या. साखरपुड्याच्या दारात निर्दोष सुटकेचं कसं बोलायचं? दुसऱ्यांदा नववर्ष लागलेलं. पहिल्या पंधरवड्यात, नशीब झाडलं जाऊ नये म्हणून, आम्ही झाडूदेखील जपून मारतो, तिथं कोर्ट कुठं काढणार? तिसऱ्यांदा ताई नव्यानं उभ्या केलेल्या पेट्या घेऊन उत्तरेकडच्या मोहोरामागं गेलेल्या. मास्तरांनी फोन लावला, "माश्या काय म्हणतात?" असं विचारलं, माश्या मजेत आहेत हे ऐकलं आणि ठेवून दिला. तारखांवर तारखा पडत होत्या, घाई काय? कागद खणात राहिला.

फवाऱ्याला दोन वर्षं भरत आली तेव्हा, मार्चात, निकाल लागला. वोंग जिनफा निर्दोष. रागात बोललेला शब्द म्हणजे बेत नव्हे, असं न्यायाधीशांनी लिहिलं. त्याला झाडं वाचवायची होती, माश्या मारायच्याच होत्या असं सिद्ध होत नाही. खाली दुसरा एक छोटा कागद जोडलेला: भरपाईचा दावा फेटाळला.

त्या दुपारी वोंगनं आपल्या घराच्या फाटकासमोर फटाके लावले आणि अवदसा धुऊन जावी म्हणून डुकराच्या पायाच्या शेवया शेजाऱ्यापाजाऱ्यांना वाढल्या. वर निकालाच्या कागदावर प्लास्टिक चढवून आणलं. कुणी विचारलं की म्हणायचा, "कोर्टानं सांगितलं, माझा संबंध नाही." गावानंही लगेच सूर बदलला. माश्याच त्या, रोगानं मेल्या असतील. कुणी म्हणे, बाईनं पैशासाठी केलं. श्युमानताई खाली उतरेनाशा झाल्या. वाण्याकडून साखरसुद्धा फोनवर मागवायला लागल्या.

मास्तरांनी निकाल तीनदा वाचला. मग कॅलेंडर काढून बोटानं दिवस मोजले. भरपाई मागायची मुदत दोन वर्षं. ताईंना नुकसान आणि नुकसान करणारा, दोन्ही त्याच दिवशी कळले होते. आणि फेटाळला गेलेला दावा मुदत थांबवत नाही. तो केलाच नव्हता असं धरतात. दोन वर्षं भरायला नऊ दिवस उरले होते. त्यानंतर न्यायाधीशांनी स्वतःच्या डोळ्यांनी फवारा पाहिलेला असता तरी उपयोग नव्हता.

"जा आणि सांगा," बिश्या म्हणाली.

"त्यांचा आधीच जीव पोळलाय गं. दोन दिवस जाऊ देत."

"अहो, तुमचे दोन दिवस मी तीस वर्षं बघतेय. आज जा. आणि खाताना सांगू नका, आधी सांगा. तुम्ही वाडगा पुढं केलात की बोलणं बुडतं."

मास्तर अंगावरच्या काळ्या कोटानिशी स्कूटरवर बसले आणि डोंगर चढले. पेट्यांच्या रांगेत ताई जाळी घालून उभ्या होत्या. मास्तर दहा पावलं आत गेले नाहीत तोच पहिला डंख मानेवर बसला.

"कोट काढा!" ताई ओरडल्या. "काळं बघून अस्वल समजतात त्या!"

मास्तर कोटाची एक बाही काढेपर्यंत कानामागं दुसरा, मनगटावर तिसरा. ताईंनी धुराचं भांडं फुसफुसवत त्यांना ओढून आंब्याखाली बसवलं आणि नखानं काटे खरवडायला लागल्या. "चिमटीत धरायचं नाही, विष आत पिळलं जातं. मान खाली. कुणी सांगितलं होतं असं यायला?"

"ताई, माझं चुकलं."

"चुकलंच. मधमाश्यांत कोट घालून येतं का कुणी?"

"कोटाचं नाही. त्या ओळीचं." आणि मास्तरांनी मान खाली ठेवूनच सगळं सांगितलं. ओळ काय होती, ती असती तर दावा आज दिवाणी कोर्टात असता, खणातला कागद, तीन वेळा टाळलेलं बोलणं, नऊ दिवस. मान वर नव्हती म्हणून सांगता आलं. ताईंचा चेहरा दिसत नव्हता.

नख थांबलं. मग पुन्हा चालू झालं, जरा जोरानंच.

"पण कोर्टानं त्याला निर्दोष म्हटलं ना? आता कुठलं दिवाणी?"

"त्यानं मुद्दाम मारल्या हे सिद्ध झालं नाही, एवढंच म्हटलंय. त्याच्या फवाऱ्यानं मेल्या नाहीत, असं एका अक्षरानं म्हटलेलं नाही. उलट आठव्या पानावर लिहिलंय की माश्यांच्या पोटात तेच औषध सापडलं. तुरुंगात घालायला मनातला हेतू लागतो. भरपाईला हेतू लागत नाही, हलगर्जी पुरते. ते दिवाणी कोर्टानं स्वतः बघायचं असतं, फौजदारीचा निकाल त्याला बांधत नाही."

"मग गावात फटाके वाजले ते कशाचे?"

"तुरुंग चुकला त्याचे."

ताईंनी धुराचं भांडं बाजूला सारलं. वरच्या फांदीत माश्यांचा आवाज चालला होता.

"ती ओळ मलाच नको होती."

"तुम्हाला ती अशुभ वाटली. ती काय आहे हे मला ठाऊक होतं. ठाऊक असून खोडली."

"फी किती?"

"साडेसहा हजार. मी भरणार आहे."

"तुम्ही कशाला? माश्या माझ्या होत्या." ताईंनी शेवटचा काटा काढून त्यांच्या शर्टालाच पुसला. "पण तुमची लिहिणावळ देणार नाही."

"मागतंय कोण?"

"आणि यावेळी गोड गोड लिहू नका. जे जे वाईट सुचेल ते लिहा. तो सुटला तर, मी मेले तर, डोंगर कोसळला तर. सगळं लिहा."

दावा सातव्या दिवशी दाखल झाला. आठवा, नववा शनिवार-रविवार होता. खिडकीतली मुलगी कागद उलटसुलट करून म्हणाली, "काका, हा तर फेटाळलाय ना? पट्टीनं मारलेली तुमचीच रेघ आहे त्या जुन्यावर."

"तो शेपटाचा होता. हा स्वतःच्या पायावर आहे. फी घे आणि शिक्का मार, पोरी."

सुजलेल्या कानानिशी एवढ्या कडक आवाजात बोलणारे मास्तर तिनं आधी कधी पाहिले नव्हते. तिनं शिक्का मारला.

दिवाणीची तारीख मे महिन्यात पडली. न्यायाधीश एक तरुण बाई होत्या. वोंग जिनफा प्लास्टिक चढवलेला निकाल छातीशी धरूनच आत आला आणि बोलवायच्या आधी उठून उभा राहिला.

"न्यायाधीशबाई, हे प्रकरण संपलंय. मी निर्दोष आहे आणि हिचा दावा फेटाळलाय. या कोर्टाला आता यात काही करता येत नाही. हे बघा, शिक्क्यासकट."

बाईंनी कागद वाचला. घाई केली नाही. "तुम्हाला सोडलं म्हणून त्या कोर्टाला भरपाईचा विचार करता आला नाही, म्हणून फेटाळला. तुम्ही देणं लागत नाही म्हणून नव्हे. तो विचार इथं व्हायचाय. बसा. फवारा किती वाजता मारलात?"

"दहाच्या सुमारास."

"मोहोर होता?"

"भरपूर."

"औषधाच्या बाटलीवर काय छापलंय?"

वोंगनं वकिलाकडं पाहिलं. वकिलानं टेबलाकडं पाहिलं.

"मोहोरात मारू नये," वोंग म्हणाला. "पण बाई, किडा काय मोहोर संपायची वाट बघतो? अन् मी सांगितलं होतं की! गावप्रमुखाला म्हटलं होतं, आदल्या संध्याकाळी कर्ण्यावरून सांग, उद्या वोंग फवारणार, पेट्या झाका म्हणून."

"सांगितलं त्यांनी?"

"त्यांचा कर्णा बिघडलेला."

"हे तुम्हाला कधी कळलं?"

"त्याच संध्याकाळी. कर्णा वाजलाच नाही."

"मग सकाळी तुम्ही स्वतः वर जाऊन सांगितलंत?"

वोंगनं हातातला कागद मांडीवर ठेवला. "गेलो नाही," तो म्हणाला. "आमचं बोलणं नव्हतं. नातवाच्या डोळ्यापासून. म्हटलं, मी कशाला चढू तिच्या दारात? शंभर पावलं होती." मग बाईंकडं न बघता, बाजूच्या बाकाकडं बघत, अगदी हळू, "माझ्याच फवाऱ्यानं मेल्या त्या. मारायच्या नव्हत्या. पण मेल्या."

दोन वर्षांत हे पहिल्यांदा कुणी बोललं होतं. श्युमानताईंनी पिशवीचा बंद, जो त्या आल्यापासून बोटाला गुंडाळत होत्या, तो सोडून दिला.

बाईंनी दोघांना तडजोडीच्या खोलीत पाठवलं. आत तासभर आवाज येत राहिले. मास्तर दाराशी उभे होते. त्यांना आत जायची परवानगी नव्हती, कान मात्र आत होते. सहा लाखांचे चार लाख वीस हजार झाले, तीन हप्त्यांत. मग ताई म्हणाल्या, "आणि भूमिदेवाच्या देवळासमोर एक दिवस बाहुल्यांचा खेळ. तुझ्या खर्चानं. खेळाआधी कर्ण्यावरून सांगायचं, कोर्टात बोललास ते. फटाके गावानं ऐकलेत, हेही ऐकू दे."

"हे फार होतं हं, ताई."

"अठ्ठ्याऐंशी पेट्या फार होत्या."

"बरं. घालतो खेळ. चूक झाली की देवासमोर खेळ घालायचा, जुनी रीतच आहे ती."

तडजोड करवणारे गृहस्थ मधे पडले. बाहुल्यांचा खेळ कोर्टाच्या कागदात घालता येणार नाही, म्हणाले. उद्या वसुली करायची तर बेलीफानं काय बाहुल्या जप्त करायच्या? तेव्हा पैसे कागदावर आले आणि खेळ तोंडी राहिला.

मास्तर त्यानंतर फार बदलले असं म्हणवत नाही. नोटिशीत आईची चौकशी अजून असते, पण ती आता तळाशी येते. नवं गिऱ्हाईक भरपाईचा अर्ज करायला आलं, की सगळ्यात आधी ते वाईट काय काय होऊ शकतं ते वाचून दाखवतात. गिऱ्हाईक तोंड वाकडं करतं, बिश्या पातेल्यामागून "ऐकून घ्या मुकाट!" म्हणून दटावते. निम्मे लोक उठून पलीकडच्या टेबलाकडं जातात. मास्तरांची कमाई थोडी खाली आली आहे. श्युमानताई मात्र आपले सगळे कागद, अगदी विजेच्या बिलाची तक्रारसुद्धा, त्यांच्याकडूनच लिहून घेतात आणि आता लिहिणावळ देतात, पण प्रत्येक वेळी घासाघीस करून.

वोंग जिनफानं तिन्ही हप्ते दिले, तिसरा तर मुदतीच्या आधी. आता फवारायचं असलं की तो आदल्या संध्याकाळी स्वतः वर चढतो, पेट्यांपासून वीस पावलांवर उभा राहून "उद्या सकाळी!" असं ओरडतो आणि ताईंनी हात हलवला की उतरतो.

बाहुल्यांचा खेळ अजून झालेला नाही. पहिल्या वर्षी खेळवाल्याकडं तारीख नव्हती. दुसऱ्या वर्षी ताई पेट्या घेऊन उत्तरेला होत्या. यंदा लिची विकायला वोंग शहरात आला आणि सवयीनं बिश्याच्या गाडीवर शेवया खायला बसला.

"काय वोंगदादा, बाहुल्या कधी नाचणार?" बिश्यानं रस्सा ओतत विचारलं.

"पुढच्या महिन्यात."

"कुठल्या महिन्याच्या पुढच्या?"

मास्तरांनी टेबलावरून मान वर करून पाहिलं. वोंगनं वाडगा तोंडाला लावला, रस्सा संपेपर्यंत खाली ठेवला नाही, आणि मग म्हणाला, "जरा तिखट घाल गं वरनं."